केसाजी अस्वलाचा उजवा खांदा

एका जंगलात, बाळांनो, खांदे असलेले पुष्कळ प्राणी राहत होते. सापांना खांदे नव्हते, पण त्यांची काही तक्रारही नव्हती.

तिथे केसाजी नावाचं अस्वल राज्य करत होतं. जंगलात मधाचा सण असायचा. राजाने उजवा हात उंच करून वडावरचं पहिलं पोळं फोडायचं, मग सगळ्यांनी मध खायचा. ज्याचा हात पोळ्याला पोहोचणार नाही, तो राजा नाही. कायदा इतका सोपा होता.

एका सकाळी केसाजी पाठ खाजवायला गेला आणि कळवळला. हात वर जाईना. सणाला अजून खूप अवकाश होता, पण त्याला दरदरून घाम फुटला.

त्याने डॉक्टर मंजुळाबाईंना बोलावलं. या वानरीणबाई खांद्याच्या मोठ्या जाणकार. त्या भर दरबारात आल्या आणि आधी नुसत्या बघत बसल्या. राजाने शाल काढली, तेव्हा त्याचा अख्खा खांदा कानापर्यंत उचलला गेला. ते त्यांनी टिपलं.

"महाराज, आता आपला आपण हात वर करा."

हात छातीपर्यंत आला आणि थांबला.

"आता सैल सोडा. मी उचलते."

बाईंनी उचलला, तरी तिथेच थांबला. मग त्यांनी राजाचं कोपर कुशीला टेकवलं आणि पंजा बाहेर वळवून पाहिला. वळेना. डावा मात्र छान वळला.

"खांदा म्हणजे बशीवर ठेवलेला लाडू, महाराज," बाई म्हणाल्या. "बशी उथळ, म्हणून तर हात चहूकडे फिरतो. लाडू घसरू नये म्हणून भोवती एक पिशवी असते. तुमची पिशवी आवळली आहे. शेक घ्या. झाडाच्या खोडावर बोटं चालवत हात रोज थोडा थोडा वर न्या. काही महिने लागतील, पण सुटेल."

निदान अगदी बरोबर होतं. फक्त ते सगळ्यांनी ऐकलं होतं.

दरबारात कुजबुज सुरू झाली. राजाचं तोंड उतरलं. तेवढ्यात प्रधान हासेराव पुढे आला. हा तरस. काहीही झालं तरी हसायचा.

"बाईंनी तपासलं छान," तो म्हणाला, "पण उलटं वाचलं. महाराजांचा हात हवा तेवढाच उठतो. बाकीच्यांचे जास्त उठतात!"

"डावा हात उठतो की त्यांचा!" बाई म्हणाल्या.

"तोही जरा बिघडलेला दिसतो. आम्ही लक्ष ठेवू."

दुसऱ्याच दिवशी दवंडी फिरली. छातीच्या वर जाणारा उजवा हात हा आजार ठरला. चौकाचौकात छातीच्या उंचीवर बांबू आडवे बांधले. ज्याचा हात बांबूच्या वर जाई, त्याचा हात वेलीच्या झोळीत बांधून गळ्यात अडकवत. हत्तींना सवलत मिळाली, कारण त्यांचा हात नेमका कोणता, यावर दरबाराचं एकमत होईना.

सगळ्यात हाल झाले माकडांचे. आया एका हाताने पोर धरायच्या, मग फांदी कशाने धरणार? त्या खालीच बसू लागल्या. वर जांभळं पिकून काळी झाली. खाली पोरं पडलेल्या जांभळांसाठी मुंग्यांशी भांडू लागली.

मंजुळाबाईंचाही हात बांधला. त्या हासेरावाला म्हणाल्या, "अहो, धडधाकट खांदा बांधून ठेवला, तर तोसुद्धा आखडतो!"

"म्हणजे गुण येतोय म्हणा की," हासेराव हसला.

एके दिवशी पहाटे बाईंच्या झाडाखाली कुणीतरी खाकरलं. राजा होता. एकटाच.

"बाई, ते बोटं चालवायचं... जरा पुन्हा सांगता?"

बाईंना राग आला होता. पण समोर दुखरा खांदा होता आणि त्या डॉक्टर होत्या. त्यांनी सांगितलं. "श्वास सोडा. खांदा कानाकडे नेऊ नका. दुखलं तर तिथेच थांबा, उद्या पुन्हा."

"आणि बाई, हे कुणाला—"

"मी कुणाला सांगत नाही, महाराज. पण आमच्या झोळ्या सोडा."

"बघतो," राजा म्हणाला आणि खोडाकडे बघत राहिला.

तो रोज पहाटे येत राहिला. झोळ्या तशाच राहिल्या.

सणाचा दिवस उजाडला. केसाजीने हात उचलला. छाती, हनुवटी, कान... आणि धाडकन पोळं फुटलं! लोक ओरडले. राजाच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं.

हासेरावाने तिथल्या तिथे दवंडी बदलली. "आजपासून हात पोळ्यापर्यंत गेलाच पाहिजे! सोडा झोळ्या!"

झोळ्या सुटल्या. माकडांनी हात उचलले. ते छातीपर्यंत आले आणि थांबले. मंजुळाबाईंनी दात आवळून पुन्हा प्रयत्न केला. त्यांचाही तिथेच थांबला.

"अरेरे," हासेराव म्हणाला, "राज्यात खांद्याची साथ आली!"

राजा मनाने वाईट नव्हता. त्याला फार कळवळा आला. त्याने सगळ्यांना वडाखाली बसवलं आणि खांद्यावर स्वतः व्याख्यान दिलं. बशी, लाडू, पिशवी, सगळं समजावलं. मंजुळाबाईंना मानाने पहिल्या रांगेत बसवलं होतं.

शेवटी राजा प्रेमाने म्हणाला, "कुणाला काही विचारायचं असेल, तर त्याने हात वर करावा."

कुणीच केला नाही.

"सगळ्यांना समजलं," हासेराव म्हणाला, आणि सभा संपली.

तात्पर्य: बाळांनो, हात नेहमी खाली ठेवावेत. वर करायची वेळ आली, की राजे कळवतातच.