प्रियामो ओर्तू यांचे वीरमरण

प्रियामो ओर्तू यांनी रविवारी सकाळी संदुकीतून जुना खाकी गणवेश काढला, अंगावर चढवला, आणि आपण अजून शिपायासारखे दिसतो की नाही, याची आरशासमोर नम्रपणे खात्री करून घेतली. पोटापाशी एक गुंडी लागेना. तिला त्यांनी उदार मनाने मुक्त केले.

काही वर्षांपूर्वी रोमहून एक चित्रपटमंडळी सार्डिनियाच्या त्या किनाऱ्यावर उतरली होती. गावामागच्या वाळूच्या टेकड्यांना त्यांनी आफ्रिकेचे वाळवंट ठरवले, आणि खाणीतून निवृत्त झालेल्या प्रियामोंना इटालियन शिपाई; गणवेश मग त्यांच्याकडेच राहिला. शत्रूचा तेलसाठा उडवण्यासाठी निघालेल्या तुकडीतला हा शिपाई तहानेने व्याकूळ होऊन वाळूत देह ठेवतो. ती कथा त्यांनी कॅफेत इतक्या वेळा सांगितली, की ते आत येताच लोक आपापला कप उचलून दुसरे टेबल गाठत. पत्नी निवर्तल्यापासून घरात ऐकणारे कोणी नव्हते. बाहेरही कोणी उरले नाही. गावाने तो प्रसंग एकदा स्वतःच्या डोळ्यांनी पाहावा, एवढीच त्यांची आकांक्षा होती. आणि अखेर पाद्री एमिलियो यांनी कुठूनसा तो चित्रपट मागवला.

जाहिरातीचे काम छापखानेवाल्या सिसिन्नियोकडे गेले. त्याचा चरितार्थ मुख्यतः निधनाच्या पत्रकांवर चाले. त्या गावात कोणी देवाघरी गेला, की त्याचे छायाचित्र, नाव आणि अंत्यविधीची वेळ काळ्या चौकटीत छापून चर्चजवळच्या भिंतीवर लागे. लोक आधी ती भिंत पाहत, मग पाव घ्यायला जात. प्रियामोंनी गणवेशातले छायाचित्र दिले. सिसिन्नियोच्या हाताने सवयीने काळी चौकट घातली, कोपऱ्यात क्रूस बसवला, आणि रविवारी सकाळी त्याच भिंतीवर खळ फासून ती जाहिरात डकवली. नाव आणि वेळ वाचून लोक वळले. जागा कोणीच वाचली नाही. मेलेल्या माणसाची जागा ठरलेली असते.

गावाबाहेर, खाणकामगारांच्या सभागृहात प्रियामो दिवसभर खुर्च्या पुसत होते. खेळाची पाचची वेळ उलटून गेली.

"येतील हो, फादर. रविवार आहे, जेवणं लांबली असतील."

"येतील, येतील," पाद्री सिनेमाच्या यंत्राशी खटपट करत म्हणाले.

खुर्च्या रिकाम्याच राहिल्या. दिवेलागणीला प्रियामो उठले. "राहू द्या, फादर. मला काय, पाठच आहे तो प्रसंग."

घराच्या वळणावर मात्र ते थबकले. खिडकीत दिवा होता. पत्नी गेल्यानंतर त्यांच्या आधी कोणी त्या घरात दिवा लावला नव्हता. आतून आवाज येत होते.

"अगं पण देह कुठाय?"

"इस्पितळातून आणत असतील. चर्चला कुलूप आहे, म्हणजे फादरपण तिकडंच."

"मी परवाच टाळलं गं त्याला! समोरून आला आणि मी सरळ न्हाव्याच्या दुकानात शिरले."

"न्हाव्याच्या? तू?"

"मग काय करू? तो परत वाळूत मेला असता!"

सगळ्या हसल्या, मग रडल्या. प्रियामो बाहेर कितीतरी वेळ उभे राहिले. जिवंतपणी इतकी माणसे त्यांच्या घरी कधी आली नव्हती. आत शिरून ती घालवावीत, असे त्यांना वाटेना. पण पाय दुखू लागले. त्यांनी दार लोटले. छायाचित्रातला शिपाई, तोच गणवेश, तीच टोपी, उंबऱ्यात उभा राहिला. किंकाळ्या उठल्या.

"मेल्या! जिवंत आहेस?" शेजारची विधवा रिमेदिया ओरडली.

"हो बाई. माफ करा."

"माफ काय करा! कोकरू शिजवलंय तुझ्यासाठी मी!"

"चौकट चुकली रे," कोपऱ्यातून सिसिन्नियो पुटपुटला. "हाताला वळणच पडलंय. भिंतीवर बघून मलाही खरंच वाटलं."

शोकघरी आणलेले अन्न माघारी नेणे तिथे अशुभ. तेव्हा सगळे जेवायला बसले. प्रियामोंनी घसा साफ केला. "आलाच आहात, तर... सिनेमा बघता का?"

निरोप मिळताच पाद्र्यांनी यंत्र घरीच आणवले. प्रियामोंचा देह ठेवण्यासाठी इस्त्री करून आणलेली चादर भिंतीवर ताणली गेली. तुकडी चालली, वारा सुटला, एक शिपाई कोसळला, शिरस्त्राण त्याच्या तोंडावर घरंगळले, आणि तुकडी पुढे निघून गेली.

"यातला तू कुठला रे?"

"तो... आडवा."

"तोंड कुठाय?"

प्रियामो वाकून चादरीजवळ गेले. शिरस्त्राणाखालचे आपले तोंड चित्रात मुळीच दिसत नाही, हे त्यांनाही आजच कळत होते. कोणीतरी खोकले.

"तोच आहे," रिमेदिया म्हणाली. "डाव्या बुटाची नाडी बघा. जन्मात बांधली नाही यानं. रोज माझ्या खिडकीखालून तश्शीच ओढत जातो."

सर्वांच्या नजरा चादरीवरून प्रियामोंच्या पायाकडे वळल्या. नाडी सुटलेलीच होती. घरभर हसू आणि टाळ्या उसळल्या.

माणसे गेली, भांडी राहिली. ती धुऊन ज्याची त्याला घरपोच करायची, असा रिवाज. सगळी एका फेरीत सहज मावली असती. प्रियामोंनी रोज एक न्यायचे ठरवले. दुसऱ्या दिवशी सकाळी रिमेदियाबाईंचे पातेले काखोटीला मारून ते निघाले. दारात नाडी बांधायला वाकले, क्षणभर विचार केला, आणि ती तशीच ठेवून चालू लागले.