बाबांची तिरडी आणि माझा न हलणारा हात

सांगून ठेवतो, कॅमेरा धरला की माझा हात हलत नाही आणि फोकस जात नाही! लग्नं केली, माहितीपट केले, चार पदरमोडीचे सिनेमे केले. शेळीचं बाळंतपण टिपताना दिग्दर्शकाला घेरी आली, पण माझी फ्रेम तसूभर हलली नाही!

दिग्दर्शिका धनश्रीताईंच्या सिनेमात म्हातारा मेंढपाळ मरतो. शूटिंग आमच्याच गावात, सिरसाळ्याजवळ. पण तिरडीवर निजायला कोण तयार होणार? अख्ख्या गावाने कानांवर हात ठेवले. शेवटी माझे बाबा, गहिनीनाथ, उठले. मेंढरं सोडून मी कॅमेरा धरला, तेव्हापासून ते माझ्याशी कामापुरतंच बोलायचे.

"नाथा, तुजं काम अडलंय नव्हं? निजतो मी."

गावात तिरडी बांधतो बजरंग. सिनेमासाठी म्हटलं असतं, तर त्याने बांबूला हातही लावला नसता. म्हणून मी मान खाली घालून एवढंच म्हणालो, "बजरंगदादा, आमच्या बाबांसाठी तिरडी पाहिजे."

बिचाऱ्याने डोळे पुसले. आणि बांबू तोडण्याआधी, नेहमीच्या रिवाजाप्रमाणे, दिंद्रुडला माझ्या आत्याला फोन लावला. सासरी दिलेल्या बहिणीला यायला वेळ लागतो ना! हे मला नंतर कळलं.

बाबा तिरडीवर आडवे झाले. तोंडात तुळशीचं पान, कपाळाला बुक्का. ताई "ॲक्शन" म्हणाल्या आणि तेवढ्यात फाट्यावरून जीप आली. तुळजाआत्या उडी टाकूनच उतरली!

"दादा रं! मला न सांगता कावून गेलास!"

"थांबवू का?" मी घाबरून विचारलं.

"खबरदार! चालू ठेव!" ताई कुजबुजल्या.

आत्याने बाबांच्या छातीवर डोकं ठेवलं. "नाथाचा सिनेमा कालेजात दावला, तर तीनदा अंबाजोगाईला गेलतास रं! वाचता येत न्हाई म्हणून शेजारच्या पोरीला इचारीत बसलास, आलं का माज्या लेकाचं नाव? अन् मला म्हणलास, नाथाला सांगू नगंस!"

मला हे ठाऊकच नव्हतं. मला फार रडू आलं.

तोच प्रेत ताडकन उठून बसलं. "तुळजे! मग आता कावून सांगितलंस?"

आत्या किंचाळली आणि दुसऱ्याच क्षणी चप्पल काढून भावाला बडवू लागली!

संध्याकाळी बाबांनी शॉट बघितला. "समदं धुरकट कावून?"

"फोकस गेला, बाबा."

बाबांनी माझ्या डोळ्यांकडे बघितलं. मग म्हणाले, "जाऊ दे. उद्या परत मरतो. पर तुळजीला कळवू नगंस, लई बोलती ती."

दुसऱ्या दिवशी तो शॉट ताईंनीच घेतला. माझ्याच्यानं होईना. मी आपला तिरडीला खांदा दिला.

चार पावलं गेलो असू, तोच कानाशी प्रेत पुटपुटलं, "नीट धर रं नाथा, लई हालतंय!"