वामनभावजींची नायिका

माझे धाकटे दीर वामनभावजी एके सकाळी मिशी काढून आले. आमच्याकडे बाप गेल्याशिवाय मिशीला वस्तरा लागत नाही. त्यांना वाटेत बघून खालच्या आळीतल्या दोघी रडतच अंगणात शिरल्या, तर मामंजी ओटीवर सुपारी कातरत बसलेले.

"कोण गेलं गो?" त्यांनीच विचारलं.

"तुम्हीच की!" एक बोलून बसली.

भावजींना सिनेमा काढायचा होता. तेव्हाचा, मुका. मुंबईत सिनेमाच्या कंपनीचे पडदे रंगवता रंगवता हे वेड लागलं. गोष्ट त्यांची, हुकूमही त्यांचाच. यंत्राचं हँडल फिरवायला तेवढा एक माणूस मुंबईहून आणलेला. दिवसभर तोंडात एकच, "ऊन धरा, ऊन धरा!" ऊन म्हणजे जसं काही सुटलेलं वासरू. उजेड तोंडावर पाडायला गडी चकचकीत पत्रे घेऊन धावायचे. नायिका मात्र मिळेना. घरंदाज बाई उभी राहीना आणि बाईच्या कामासाठी बाप हयात असलेला मुलगा मिशी देईना. शेवटी हेच नायिका झाले.

मी होते की! स्पष्टच सांगते, मला फार हौस. तसं म्हटलंही.

"वहिनी, तुम्ही यंत्रावरच खेकसाल," म्हणाले.

बरं, निदान माझं हिरवं लुगडं तरी नेसा. तेही नको. यमूचंच विटकं लुगडं काढलं. यमू त्यांची बायको, बाळंतपणात गेलेली. होती तेव्हा घरात तिचंच कौतुक, आणि मेल्यावरही माझ्यापुढेच!

दाभोळला तंबूत खेळ लागला. मामंजींनी मुलाशी बोलणं टाकलेलं. ह्यांनी त्यांना जवळजवळ उचलूनच गाडीत घातलं.

पडद्यावर भावजी घागर घेऊन निघाले. तंबू खदखदून हसला. आमच्या रांगेत कुणी हसलं नाही. घागर डाव्या कमरेवर, उजव्या हातात निऱ्या, आणि डावा पाय किंचित फेकत चालणं. अगदी यमू. तिचा साधा फोटोसुद्धा कुणी काढला नव्हता. विहिरीची पायरी आली तसे मामंजी चटकन बोलले, "जपून गो, सूनबाई."

सिनेमा पडला. तंबूतून गाडीकडे येताना मी विचारलं, "भावजी, आता दुसरा कधी?"

"दुसरा कशाला? दिसली की," म्हणाले आणि पुढे चालू लागले.

घरी आल्यावर मी ह्यांना धरलं. "सांगा बघू, मी कशी चालते?"

ह्यांनी जरा विचार केला. म्हणाले, "पायांनी."