सुंदराबाईच्या बल्बचं बिल

एका जंगलात, बाळांनो, नुकतीच वीज आली होती. तिच्या मागोमाग बिलंही आली.

तिथे सुंदराबाई नावाची रानकोंबडी राहायची. घरात एकच बल्ब. यंदा थंडी कडाक्याची, म्हणून तो बल्ब तिने आपल्या सहा अंड्यांवर टांगला होता. ती दाणे टिपायला गेली, तरी अंडी उबेत राहायची.

एक दिवस बिल आलं. एक्केचाळीस हजार रुपये! खाली लाल अक्षरांत लिहिलं होतं : पंधरा दिवसांत भरा, नाहीतर वीज तोडू.

सुंदराबाई धावत वीज कचेरीत गेली. खिडकीत घोरपड बसली होती. खुर्चीला चिकटली, की थेट निवृत्तीलाच सुटायची.

"ताई, एका बल्बचं एवढं बिल? मीटर तपासा की!"

"अर्ज करा. सोबत मीटर बिघडल्याचा दाखला जोडा."

"दाखला कोण देतं?"

"आम्हीच. अर्ज आल्यावर."

सुंदराबाई कोर्टात गेली. न्यायमूर्ती गेंडा होते. वीज कचेरीचा वकील मुंगूस उठून म्हणाला, "महाराज, बाई गुपचूप बर्फाचा कारखाना चालवत असणार."

"अहो, माझी अंडी आहेत तिथे!"

गेंडामहाराजांनी जांभई दिली. "पुढची तारीख."

"तोवर वीज तोडू नका, एवढं तरी लिहून द्या."

"तो अर्ज वेगळा. त्याची तारीख वेगळी."

पंधराव्या दिवशी वानर पक्कड घेऊन खांबावर चढला.

"दादा, आठ दिवस थांब रे. पिल्लं बाहेर येऊ देत."

"मलाही पोरं आहेत, मावशी. पण वरून हुकूम आहे." त्याने मान फिरवली आणि वायर तोडली.

मग सुंदराबाई अंड्यांवरून हललीच नाही. शेजारची साळिंदरीण तिला दाणे आणून द्यायची. तारखेच्या दिवशी मात्र जावंच लागलं. साळिंदरीण म्हणाली, "मी बसले असते गं, पण माझे हे काटे!" तिने अंड्यांवर पालापाचोळा पांघरला.

कोर्टात कळलं, न्यायमूर्ती रजेवर आहेत.

पाच पिल्लं बाहेर आली. सहावं अंडं गारच राहिलं. सुंदराबाई त्याच्यावर आणखी दोन दिवस बसून होती.

पुढच्या तारखेला गेंडामहाराज फुत्कारतच आले. हातात कागद होता.

"नऊ लाख? मी दिवसभर चिखलात पडून असतो! चिखलाला वीज लागते?"

मुंगूस म्हणाला, "मीटर खोटं बोलत नाही, महाराज."

"गप्प बस!"

अकरा मिनिटांत निकाल लागला. जंगलातली सगळी मीटर सदोष, सगळी बिलं रद्द, तोडलेली वीज आजच्या आज जोडा. वर्तमानपत्रांनी जलद न्यायाचं तोंडभरून कौतुक केलं.

सुंदराबाईचा बल्ब पुन्हा लागला. पण पिल्लांना तोवर पिसं फुटली होती.

तात्पर्य : शेवटी विजय सत्याचाच होतो. फक्त चुकीचं बिल न्यायमूर्तींच्या पत्त्यावरही वेळेत पोचेल, एवढी काळजी घ्यावी.