ठकूबाईच्या न तळलेल्या चकत्या

एका जंगलात, बाळांनो, ठकूबाई नावाची शेळी आणि तिचा नवरा भिकोबा बोकड सुखाने राहत होते. त्याच जंगलात वाघही राहत होता, तरी भिकोबा जिवंत होता. कारण दर रविवारी वाघ त्यांच्याकडे बटाट्याच्या तळलेल्या चकत्या खायला यायचा.

"हाडांसारख्या कुरकुरतात हो, वहिनी," असं म्हणायचा आणि भिकोबाकडे न बघता घरी जायचा.

पुढे वाघाचं पोट सुटलं. बगळा वैद्यांनी डोळे मिटून नाडी पाहिली आणि सांगितलं, "तळलेलं बंद."

ठकूबाई डगमगली नाही. तिने माकडाच्या दुकानातून ओव्हन आणला. (जंगलात वीज कुठली, असं विचारू नका. वाघ बोलतो ते चालतं ना?) बीट, रताळी, गाजरं तिने पातळ चिरली, फडक्याने कोरडी टिपली, तेलाचं नुसतं बोट लावलं आणि मंद आचेवर भाजली.

"अगं, आता जरा पसरून ठेव," भिकोबा म्हणाला. "गार झाल्या की मगच कुरकुरीत होतात, असं माकड म्हणत होतं."

"काहीतरीच तुमचं! पाहुण्याला गार वाढू? लोक काय म्हणतील?"

तिने वाफाळत्या चकत्या डब्यात भरल्या, गच्च झाकण लावलं, वरून टॉवेल गुंडाळला. "अगं, गार तरी होऊ दे," भिकोबा पुन्हा म्हणाला. पण घरात त्याचं ऐकतंय कोण?

वाघ आला. त्याने एक चकती तोंडात टाकली. आवाज आला नाही. दुसरी टाकली. ती त्याला दातांनी ओढावी लागली.

पण वाघ मोठा सभ्य. "वा, छान! अगदी हलक्या आहेत."

ठकूबाई हरखली. "मग घ्या ना आणखी! चार तरी घ्याच, तुम्हाला माझी शपथ."

वाघाने चार घेतल्या. मग मिशा पुसल्या आणि पाट ओढून तो भिकोबासमोर सरसावून बसला.

"कोशिंबीर उत्तम झालीय, वहिनी," तो म्हणाला. "आता जेवायला सुरुवात करू या."

पुढचं सांगत नाही. तुम्ही अजून लहान आहात. ठकूबाई फार फार रडली. रडत रडत वैद्यांकडे गेली.

"बोकड तळला होता का?" वैद्यांनी विचारलं.

"नाही हो."

"मग पथ्य मोडलेलं नाही."

तात्पर्य : तळलेलं खाऊ घातल्याने पाहुण्याचं आयुष्य कमी होतं, भाजलेलं खाऊ घातल्याने यजमानाचं.