फ्रेंच वड्या आणि विहीणबाईंचा डबा

"पेरू, साखर आणि लिंबू. त्यात काय एवढं? फ्रान्समधली माणसं काही आकाशातून पडलेली नाहीत!" असं जाहीर करून मधुकररावांनी शनिवारी सकाळी मुलुंडच्या आपल्या स्वयंपाकघराचा ताबा घेतला.

बँकेतून निवृत्त झाल्यापासून मोबाइलवर बघून ते काही ना काही करतच असत. पण आजचा पेरूच्या फ्रेंच वड्यांचा बेत नुसत्या हौसेचा नव्हता. सून गार्गी घरात येऊन वर्ष झालं होतं आणि मधुकररावांनी काहीही केलं तरी ती गोड हसून म्हणे, "छान आहे हं बाबा, पण मम्मीच्या हाताची चव वेगळीच!" ही मम्मी, म्हणजे विहीणबाई शर्मिष्ठाताई, समोरच्याच बी विंगमध्ये राहत. रविवारी त्या जेवायला येणार होत्या. एकदा, फक्त एकदा, त्यांच्यादेखत सुनेनं आपल्याला शाबासकी द्यावी, एवढंच मधुकररावांना हवं होतं.

रेसिपी म्हणत होती, मिश्रण एकशे सात अंशांवर आणा. घरात थर्मामीटर होता तो तापाचा, तो बेचाळिसालाच संपत होता.

"अहो, पाकाचा थेंब पाण्यात टाकून बघतात, तसं बघा ना," त्यांच्या पत्नी नलिनीताई म्हणाल्या.

"फ्रेंच लोक पाण्यात थेंब टाकत नाहीत!"

मधुकरराव दोन तास घाटत राहिले. शेवटी उलथनं पातेल्यात उभं राहिलं ते काही केल्या आडवं होईना. मग थापणं, कापणं, साखरेत घोळवणं झालं आणि प्रत्येक वडीच्या डोक्यावर एकेक चारोळी बसली. दिसायला एकदम झकास! त्यांनी एक तोंडात टाकली ती पंधरा मिनिटं तोंडातच होती.

"चव रेंगाळते," दात मोकळे झाल्यावर ते म्हणाले.

तरी बाहेरचं मत घ्यावं म्हणून डझनभर वड्या डब्यात घालून त्यांनी शेजारच्या राधाकडे दिल्या. संध्याकाळी डबा परत आला तो चिवड्यानं भरून. रिकामा डबा परत करायचा नाही, हे त्या बिल्डिंगमध्ये कुणाला शिकवावं लागत नसे.

"काका, कमाल केलीत! एकही उरली नाही!" राधा म्हणाली.

मधुकररावांना त्या रात्री शांत झोप लागली.

रविवारी उरलेल्या वड्या काचेच्या बशीत, जाळीखाली सजल्या. विहीणबाई आल्या. हातात डबा होताच.

"रिकाम्या हातानं कशी येऊ? घरीच केलंय जरासं. फ्रेंच आहे," असं म्हणत त्यांनी झाकण उघडलं.

आत गुलाबी, चौकोनी वड्या. प्रत्येकीच्या डोक्यावर एकेक चारोळी!

मधुकररावांच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. काल राधाच्या ओट्यावर विहीणबाईंच्या नारळाच्या वड्यांचा डबा त्यांनी स्वतः पाहिला होता. तो तरी रिकामा कसा परत जाणार? त्यांनी बोलायला तोंड उघडलं. एका वाक्यात वर्षभराचा हिशेब चुकता झाला असता! तेवढ्यात विहीणबाईंची नजर जाळीखालच्या बशीवर गेली आणि त्यांचा चेहरा पेरूच्या गरासारखा गुलाबी झाला. त्या मधुकररावांकडे बघतच राहिल्या. मधुकररावांना त्यांची फार कीव आली.

"वा! दोघांच्याही डोक्यात एकच पदार्थ! काय योगायोग!" ते म्हणाले.

"अय्या, मग स्पर्धाच!" म्हणत गार्गीनं इकडची एक घेतली, तिकडची एक घेतली आणि बराच वेळ चघळली. सगळे थांबले.

"बाबा, वाईट वाटून घेऊ नका हं," ती म्हणाली, "तुमच्या जरा चिवट झाल्यात. मम्मीच्या बघा, तोंडात टाकताच विरघळतात!"

नलिनीताई हसू दाबत आत निघून गेल्या.

निघताना विहीणबाईंचा डबा रिकामा कसा द्यायचा? दोन्हीकडच्या उरल्यासुरल्या सगळ्या वड्या मधुकररावांनी स्वतःच्या हातानं त्यात भरल्या, झाकण घट्ट लावलं आणि डबा पुढे केला. विहीणबाईंनी तो घेतला आणि लगेच बी विंगची वाट धरली.