शुद्धीवर येण्याचा दिवस

मालिकेतले सासरे आज शुद्धीवर येणार होते, म्हणून त्यांचं काम करणाऱ्या नटाच्या घरी सकाळपासून नुसती धावपळ होती. गेले कित्येक महिने हा गृहस्थ नाकात नळी घालून दवाखान्याच्या खाटेवर निपचित पडून होता. पडून राहण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता, पण पडून कुणाचं नाव होत नाही. आज मात्र डोळे उघडून "विष मला धाकट्यानंच दिलं!" असं गरजायचं होतं. एकदा आवाज ऐकला की लोक रस्त्यात थांबवून विचारपूस करतील, याची त्याला खात्रीच होती.

आणि नेमका घसा बसला.

"सेटवर पोचेपर्यंत चकार शब्द काढायचा नाही," असं फर्मान काढून बायकोने खोकल्याच्या औषधाचे दोन चमचे पाजले. थोड्या वेळाने आई बाटली घेऊन आली. घेतलंय, दोन चमचे, हे सांगायला त्याने दोन बोटं दाखवली.

"दोन? बरं, दोन देते हो," आई म्हणाली आणि दोन देऊन गेली.

मग मुलगी आली. त्याने चार बोटं दाखवली.

हे औषध घेऊन गाडी चालवू नये, असं बाटलीवर ठळक छापलं होतं. त्याने ते वाचलं आणि शहाण्यासारखा बसने गेला.

सेटवर दिवे लागले. खाट ओळखीची, उशी सवयीची. सुनेचं काम करणारी नटी त्याचा हात धरून हुंदके देऊ लागली. "बाबा, एकदा तरी बोला हो!" हे तिचं वाक्य आलं की याने डोळे उघडायचे, असं ठरलेलं.

"बाबा, एकदा तरी बोला हो!"

बाबा गाढ झोपले होते.

तिने पुन्हा विनवलं. तिसऱ्यांदा विनवल्यावर बाबा चक्क घोरले. नटी कसलेली होती. रडता रडता तिने पांघरुणाखालून असा सणसणीत चिमटा काढला की बाबा ताडकन उठून बसले. समोर एक पोरगी ढसाढसा रडत होती. आपण कुठे आहोत, काही केल्या त्याला आठवेना.

"कोण गं तू, बाळ?" त्याने कळवळून विचारलं. "रडतेस कशाला? घरी कुणी रागावलं का?"

नटीला खरंच रडू कोसळलं.

"कट!" दिग्दर्शक ओरडला.

आता मात्र त्याची झोप पार उडाली, आणि एवढ्या औषधाने घसाही मोकळा झाला होता. "साहेब, पुन्हा घ्या ना! वाक्य पाठ आहे माझं. विष मला धाकट्यानंच दिलं!" हे त्याने असं काही म्हटलं की दिवेवाल्याच्या अंगावर काटा आला. कॅमेरा तेवढा बंद होता. हातातोंडाशी आलेला घास गेला, म्हणून बिचाऱ्याचे डोळे भरून आले.

"विष गेलं खड्ड्यात!" मालिकेचा लेखक आनंदाने नाचतच आत आला. "तुम्ही खरं बोलला असता तर पुढच्या आठवड्यात मालिका गुंडाळावी लागली असती! आता तुमची स्मृती गेलीय. वर्षभर रोज संवाद देतो तुम्हाला. फक्त एक करायचं, समोर कुणीही येऊ दे, ओळख म्हणून दाखवायची नाही. जमेल?"

नटाने शांतपणे नाकातली नळी सारखी केली.

"न जमायला काय झालं? इतकी वर्षं लोक मला तेच करून दाखवतायत."